शिक्का कुठाय?

गेल्या महिन्यात आमच्या बैठकीत 'गेट कार्टर' पाहिला. आम्ही सात-आठ जण आहोत. महिन्यातून एकदा कुणाच्या तरी हॉलमध्ये भिंतीवर सिनेमा लावतो, मध्यंतरात पोहे होतात आणि सिनेमापेक्षा नंतरचं भांडण लांबतं. या वेळी ते फारच लांबलं. दिवे लागले आणि आमच्यातल्या सगळ्यात तरुण मेंबराने फोनवर दिग्दर्शकाची यादी काढून मोठ्याने वाचायला घेतली. १९७१, 'गेट कार्टर': टोळीवाले, भावाच्या खुनाचा सूड. १९७२, 'पल्प': स्वस्तातल्या रहस्यकथा पाडणाऱ्या लेखकाची गंमत. १९७४, 'द टर्मिनल मॅन': मेंदूत संगणक बसवलेला रुग्ण. १९८०, 'फ्लॅश गॉर्डन'. इथे त्याची गाडी अडली. "म्हणजे ते क्वीन बँडचं म्युझिक, पंखवाले लोक उडतात तो? तो याच माणसाचा?" हो म्हटलं, त्याच माइक हॉजेसचा. त्याने फोन पालथा ठेवला आणि निकाल दिला, "मग याचा शिक्का कुठाय? हा तर येईल ते काम घेणारा माणूस." त्यावर आमच्यातले एक ज्येष्ठ उसळले. हॉजेस प्रतिभावंतच होता, निर्मात्यांनी आणि स्टुडिओंनी त्याचं वाटोळं केलं, असं त्यांचं म्हणणं. रात्री साडेअकरापर्यंत हेच चाललं. एक बाजू त्याला भाडोत्री ठरवत होती, दुसरी हुतात्मा.

दोन्ही बाजू उगाच भांडत होत्या असं मला तेव्हाही वाटलं, पण त्या गदारोळात बोलायला जागा नव्हती. माझं म्हणणं असं, की दिग्दर्शकाची मोठाई त्याच्या सगळ्या सिनेमांत एकच ठसा सापडतो का यावर मोजणं ही आळशी सवय आहे, आणि हॉजेससारख्या माणसापुढे ती सवय उघडी पडते. विचारायचा प्रश्न वेगळा आहे. समोर आलेल्या कामात या माणसाने कोणते निर्णय घेतले, जे दुसऱ्या कुणी घेतले नसते? आणि त्या निर्णयांनी काम उभं राहिलं की पडलं? हा प्रश्न एकेका सिनेमाला वेगळा विचारावा लागतो, म्हणून तो कंटाळवाणा वाटतो. शिक्का शोधणं सोपं असतं. तो सापडला की पुढचे पाच सिनेमे न बघताही त्यांच्याविषयी बोलता येतं.

शिक्क्याची ही कल्पना आली कुठून, हे आधी बघायला हवं. पॅरिसमधल्या 'काइये द्यु सिनेमा' या मासिकात १९५० च्या दशकात काही तरुण, भांडखोर समीक्षक लिहीत होते. फ्रांस्वा त्रुफोने १९५४ साली फ्रेंच सिनेमातल्या साहित्यिक, गुळगुळीत परंपरेवर तोंडसुख घेणारा लेख लिहिला आणि दिग्दर्शक हाच सिनेमाचा लेखक, या विचाराला जोर आला. हे समीक्षक कौतुक कुणाचं करत होते? हॉवर्ड हॉक्सचं. जाक रिवेतने १९५३ साली हॉक्सच्या प्रतिभेवर गौरवलेखच लिहिला. आणि हा हॉक्स कोण? गुन्हेगारीपटांत 'स्कारफेस', धमाल विनोदात 'ब्रिंगिंग अप बेबी', रहस्यपटांत 'द बिग स्लीप', काउबॉयपटांत 'रेड रिव्हर' आणि मेरिलिन मन्रोला नाचवणारा 'जंटलमेन प्रिफर ब्लाँड्स', एवढे सगळे प्रकार हाताळलेला स्टुडिओतला माणूस. म्हणजे येईल ते काम घेणाऱ्या कसबी माणसांनाही डोकं असतं, हे ठासून सांगायला जी कल्पना जन्माला आली, तीच आज त्यांना हाकलायला वापरली जाते. याला काय म्हणावं?

ही घसरण झाली ती कल्पना अटलांटिक ओलांडून अमेरिकेत गेल्यावर. समीक्षक अँड्र्यू सॅरिसने १९६२ साली तिला 'सिद्धांत' म्हटलं आणि दिग्दर्शकाचं ओळखू येणारं व्यक्तिमत्त्व हा मूल्यमापनाचा एक निकष करून टाकला. पुढच्याच वर्षी दुसरी समीक्षक पॉलिन केलने त्याची सालटी काढली. तिचा मुद्दा असा, की स्कंक या प्राण्याची दुर्गंधी गुलाबाच्या सुवासापेक्षा चटकन ओळखू येते, म्हणून ती जास्त चांगली ठरते का? सॅरिस बधला नाही. १९६८ च्या पुस्तकात त्याने दिग्दर्शकांच्या प्रतवाऱ्याच लावल्या, आणि 'दिसतात त्याहून कमी' अशा अर्थाच्या एका खणात कॅरल रीड, डेव्हिड लीन, बिली वाइल्डर या मंडळींना बसवलं. वाइल्डरबद्दल आपण चुकलो, हे त्याने पुढे लिहून मान्य केलं. रीडच्या वाट्याला तो माफीनामा आला नाही. 'द थर्ड मॅन'सारखा थरारपट आणि 'ऑलिव्हर!'सारखा संगीतपट दोन्ही करणारा हा इंग्रज हॉजेसचा थोरला भाऊच म्हणायचा, निदान समीक्षकांच्या हातून झालेल्या हालांपुरता.

आता समोरच्यांचे मुद्दे. ते कच्चे नाहीत. एक, हॉजेसच्या नावावर खरोखर फसलेली कामं आहेत. १९८५ चा 'मोरॉन्स फ्रॉम आउटर स्पेस' मी दोनदा बघायचा प्रयत्न केला आणि दोन्ही वेळा अर्ध्यावर उठलो. दोन, त्याच्या ज्या दोन सिनेमांची नावं लोक सगळ्यात जास्त घेतात, त्या दोहोंची गोष्ट मूळ त्याची नाही. 'गेट कार्टर' टेड लुईसच्या कादंबरीवरून केलेला, 'क्रूपिए' पॉल मेयर्सबर्गने लिहिलेला. तीन, 'फ्लॅश गॉर्डन'चं जे लक्षात राहतं ते क्वीनचं संगीत आणि दानिलो दोनातीचे लाल-सोनेरी पोशाख. मग दिग्दर्शकाचं त्यात काय उरलं? आणि चौथा मुद्दा मला सगळ्यात जड वाटतो. १९७१ ते २००३ या बत्तीस वर्षांत या माणसाने चित्रपटगृहांसाठी अवघे नऊ सिनेमे केले. एकाच वाटेने चालला असता, थंड डोक्याचे गुन्हेगारीपट करत राहिला असता, तर पैसा उभा करणाऱ्यांना तो काय विकतो हे कळलं असतं आणि नऊचे अठरा झाले असते. एक ना धड भाराभर चिंध्या, ही म्हण काही उगाच पडलेली नाही.

यातलं पहिलं मी तसंच मान्य करतो, पुढे खोडायला जाणार नाही. फसलं ते फसलं. पण बाकीच्यांचं उत्तर द्यायचं तर हॉजेस कुठून आला ते बघावं लागतं. १९३२ साली ब्रिस्टलमध्ये जन्म. शिकून झाला चार्टर्ड अकाउंटंट! मग सक्तीच्या लष्करी सेवेत दोन वर्षं नौदलाच्या सुरुंगशोधक बोटीवर. मच्छीमारी बोटींवर नजर ठेवण्याच्या कामावर ही बोट इंग्लंडच्या पूर्व किनाऱ्यावरच्या बंदरांत लागायची: हल, ग्रिम्सबी, नॉर्थ शील्ड्स. सुखवस्तू घरातल्या, मनाने हुजूरपक्षीय असलेल्या या पोराने तिथली गरिबी पहिल्यांदा पाहिली आणि तो बोटीवरून उतरला तो वेगळा माणूस होऊनच. पुढे टीव्हीत शिरला तो टेलिप्रॉम्प्टर चालवणारा म्हणून. हे काम काय असतं? कॅमेऱ्यापाशी बसायचं आणि बोलणाऱ्याच्या वेगाने मजकुराची गुंडाळी सरकवत राहायची. बोलणारा अडखळला की थांबायचं, घाईत आला की पळवायची. नाटक, बातम्या, गाण्यांचे कार्यक्रम, स्वयंपाक, कुणाचं काहीही चालू असो, हा आपला तिथेच बसलेला, सगळ्यांचं सगळं बघत. एवढ्या जवळून इतक्या प्रकारची कामं बघायला मिळणारी दुसरी शाळा मला तरी माहीत नाही.

त्यानंतरची वाटचाल बघा. ग्रॅनडा कंपनीचा 'वर्ल्ड इन अॅक्शन' हा शोधपत्रकारितेचा कार्यक्रम, मग 'टेम्पो' हा कलाविषयक कार्यक्रम, १९६८ साली मुलांसाठी 'द टायरंट किंग' ही लंडनच्या रस्त्यांवर रंगीत फिल्मवर चित्रित केलेली मालिका, जिच्यात त्या काळच्या रॉक बँडांचं संगीत वाजतं, आणि मग 'सस्पेक्ट' (१९६९) व 'रूमर' (१९७०) हे स्वतः लिहून दिग्दर्शित केलेले दोन टीव्ही थरारपट. त्या काळी टीव्ही नाटकं बहुतेक स्टुडिओत, व्हिडिओ कॅमेऱ्यांसमोर होत. हॉजेसने फिल्मचा कॅमेरा घेऊन रस्ता गाठला. थेम्स टेलिव्हिजनने पुढे 'यूस्टन फिल्म्स' ही कंपनी काढून 'द स्वीनी'सारखी पोलीस मालिका खऱ्या रस्त्यांवर आणली, त्याचा कित्ता या दोन कामांनी घालून दिला. मुलांची मालिका आणि शोधपत्रकारिता एकाच माणसाने करणं हा तिथे चंचलपणा मानत नसत. ती नोकरी होती. साठ-सत्तरच्या दशकांतल्या ब्रिटिश टीव्हीतून केन लोच, माइक ली, अॅलन क्लार्क असे किती तरी दिग्दर्शक घडले. कमी पैसा, कमी दिवस आणि सोमवारी द्यायचं म्हणजे सोमवारीच द्यायचं, ही शिस्त त्यांना तिथेच लागली. या शिस्तीत वाढलेला माणूस 'माझी शैली काय?' असं आधी विचारत नाही. तो आधी विचारतो, 'हे काय आहे?'

'गेट कार्टर'मध्ये हा प्रश्न विचारल्याने काय झालं? 'सस्पेक्ट' पाहून निर्माता मायकेल क्लिंगरने त्याला लुईसची कादंबरी पाठवली. कादंबरीतलं गाव नाव नसलेलं, पोलाद कारखान्यांचं. हॉजेसला नौदलातली बंदरं आठवली आणि शोधत शोधत तो न्यूकासलला पोचला. तिथे काय होतं? जुनी गल्लीबोळांतली वस्ती पाडली जात होती, काँक्रीटच्या नव्या इमारती उठत होत्या, आणि त्या घडामोडीच्या आडून कोण कोण पैसा करतंय याचा वास हवेत होता. शेजारच्या गेट्सहेडचा बहुमजली वाहनतळ, माथ्यावर चालूच न झालेल्या रेस्तराँचा सांगाडा असलेला, त्याच्या कथेत येऊन बसला. कॅमेरा त्याने दिला वोल्फगांग सुशिट्झ्कीकडे. मूळचा व्हिएन्नाचा, माहितीपटांत मुरलेला हा माणूस. म्हणून बारमध्ये कार्टर झालेला मायकेल केन बिअर मागतो तेव्हा भोवती नट नसतात, गावातले लोक असतात, आणि त्यातल्या एका म्हाताऱ्याच्या हाताला तुम्हाला सहा बोटं दिसतात. कुणीही पटकथेत असं लिहीत नाही. कार्टर नागडा, हातात बंदूक घेऊन दाराबाहेर येतो, तर रस्त्याने लहान मुलींचं बँडपथक कवायत करत चाललेलं असतं. ते पथकही तिथलंच, खरं. शेवटचा पाठलाग ब्लॅकहॉलच्या किनाऱ्यावर होतो, जिथे कोळसा खाणीतला टाकाऊ माल हवाई पाळण्यांतून थेट समुद्रात पडतो. वाळू काळी, लाटाही काळ्या. प्रेत त्याच पाळण्यातून पाण्यात जातं.

आणि एक गोष्ट, जी मला तिसऱ्यांदा पाहताना दिसली. सुरुवातीला कार्टर लंडनहून आगगाडीने निघतो, रॉय बडचं ते हार्प्सिकॉर्डचं संगीत, बोगदे, रुळांचा खडखडाट. त्याच डब्यात आणखी एक प्रवासी बसलेला असतो. अगदी शेवटी किनाऱ्यावर लांबून कार्टरला टिपणारा मारेकरी हाच. त्याला ओळखण्याची खूण एकच, बोटातली अंगठी. म्हणजे सूड घ्यायला निघालेल्या माणसाचा मृत्यू पहिल्या रिळापासून त्याच्यासमोर बसून प्रवास करतोय आणि दिग्दर्शक त्याबद्दल चकार शब्द काढत नाही. आमच्या बैठकीत ही गोष्ट सांगितल्यावर लोकांनी सिनेमा पुन्हा पहिल्यापासून लावायला लावला, त्यामुळे साडेअकराचे बारा झाले.

'पण गोष्ट तर लुईसची' या मुद्द्याला मात्र एक आयतं उत्तर आहे, आणि ते हॉलिवूडनेच दिलं. २००० साली त्यांनी 'गेट कार्टर' पुन्हा केला. कादंबरी तीच, सूड तोच, नायक सिल्व्हेस्टर स्टॅलन, गाव सिअॅटल, शिवाय छोट्या भूमिकेत खुद्द मायकेल केन. आज तो कुणाला आठवतो? गोष्ट तशीच ठेवून दिग्दर्शकाचे निर्णय काढून घेतले की काय उरतं, याचा असा स्वच्छ प्रयोग सिनेमाच्या इतिहासात फारसा सापडत नाही. जुन्या सिनेमाला ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटच्या १९९९ च्या यादीत शंभर ब्रिटिश सिनेमांत सोळावी जागा मिळाली. अर्थात याद्यांवर माझा फार विश्वास नाही, पण वाहनतळ २०१० साली पाडला तेव्हा त्याच्या काँक्रीटचे तुकडे डब्यांत भरून विकले गेले, हे त्याहून जास्त बोलकं आहे. उरला प्रश्न स्वतः लिहिण्याचा. तर 'पल्प' त्याने स्वतः लिहिला, आणि १९८९ चा 'ब्लॅक रेनबो'ही. त्यात मृतात्म्यांचे निरोप सांगत गावोगाव फिरणारी एक बाई आणि तिचा दारुडा बाप. धंदा सगळा बनवाबनवीचा. एक दिवस तिला अजून जिवंत असलेल्या माणसाचं मरण दिसतं, आणि तिकडे एका कारखान्यातली भानगड दडपण्यासाठी माणूस मारला जातोय. धर्म, भांडवल आणि भुताटकी एकाच टोपलीत बसवणारी ही कल्पना कुणाही भाडोत्र्याला सुचणारी नाही. अमेरिकेत मात्र तो नीट चित्रपटगृहांत लागलाच नाही.

'द टर्मिनल मॅन'मध्ये त्याने काय केलं? मायकेल क्रायटनच्या कादंबरीवरचा, वॉर्नरचा सिनेमा. विषय असा की दिवे लुकलुकणारी यंत्रं आणि पळापळ दाखवायचा मोह कुणालाही व्हावा. हॉजेसने रंगच काढून घेतले. भिंती, कपडे, फर्निचर, सगळं काळं, पांढरं, करडं. संगीत म्हणून ग्लेन गुल्डने पियानोवर वाजवलेला बाख, तोही अगदी संथ. शस्त्रक्रियेचा प्रसंग इतका लांब आणि इतका शांत आहे की पाहणाऱ्याला आपण डॉक्टरांच्या बाजूला, काचेच्या अलीकडे बसलोय हे जाणवून ओशाळायला होतं. अमेरिकी दिग्दर्शक टेरेन्स मॅलिकने हॉजेसला पत्र लिहून त्याची तारीफ केली. ब्रिटनमध्ये तो चित्रपटगृहांत लागला नाही.

आता 'फ्लॅश गॉर्डन', अंतराळातला साहसपट. खरी परीक्षा इथेच आहे, कारण आमच्या तरुण मित्राची गाडी इथेच अडली होती. निर्माता डिनो दे लॉरेंतिस, पटकथा लोरेंझो सेंपलची. याच दोघांनी १९७६ साली दुसऱ्या एका दिग्दर्शकाकडून 'किंग काँग' करून घेतला होता, आणि तो किती जड, किती अवघडलेला सिनेमा आहे हे ज्याने पाहिलाय त्याला सांगायला नको. 'फ्लॅश गॉर्डन'ची परिस्थिती तर त्याहून बिकट. नायक सॅम जोन्सचं निर्मात्याशी वाजलं आणि तो अर्ध्यातून निघून गेला, त्याचा आवाज दुसऱ्याकडून डब करून घ्यावा लागला. दोनातीचे सेट बघितल्यावर त्यात माणसं कुठून चालणार हा प्रश्न. अशा वेळी गंभीर माणूस काय करतो? एक तर सिनेमाकडे तुच्छतेने बघतो आणि प्रेक्षकाला डोळा मारतो, किंवा त्याला महाकाव्य समजून बुडवतो. हॉजेसने दोन्ही टाळलं. सुरुवातीलाच मिंग नावाचा सम्राट कंटाळलेला असतो, विरंगुळा म्हणून पृथ्वी निवडतो आणि समोरच्या पटावरची बटणं दाबतो: भूकंप, वादळ, 'गरम गारा'. ते दोन शब्द वाचून आमच्या घरातलं शेंडेफळ अजून हसतं. पुढे दरबारात नायक अमेरिकन फुटबॉलच्या आविर्भावात पहारेकऱ्यांना धडका देत सुटतो, प्रेयसी टाळ्या पिटते, आणि मॅक्स फॉन सिडोव्ह मात्र जणू स्वीडिश दिग्दर्शक बर्गमनच्याच गंभीर सिनेमात असल्यासारखा मिंग वठवतो. सगळ्यांनी थट्टा करायची पण एकानेही हसायचं नाही, हा तोल फार अवघड. आपल्याकडे लोकनाट्य उभं केलेल्या कुणालाही विचारा. सोंगाड्या स्वतः हसला की तमाशा मेला.

दुसऱ्या बाजूचे ज्येष्ठ, म्हणजे हुतात्मा म्हणणारे, त्यांच्याकडेही खरा माल आहे, नाही असं नाही. १९८७ चा 'अ प्रेयर फॉर द डाइंग' हा आयआरए या आयरिश सशस्त्र संघटनेच्या बंदूकवाल्याची गोष्ट सांगणारा सिनेमा निर्मात्यांनी परस्पर कापला, संगीत बदललं, आणि हॉजेसने आपलं नाव काढून टाका म्हणून सांगितलं. 'ओमेन' या भयपटाच्या दुसऱ्या भागावरून तो चित्रीकरण सुरू झाल्यावर बाहेर पडला. 'क्रूपिए' १९९८ चा. ब्रिटनमध्ये त्याला कुणी विचारलं नाही, अमेरिकेत २००० साली तो महिनोन्महिने चालला, त्यातला नायक क्लाइव्ह ओवेन याचं नाव झालं, आणि ऑस्करची वेळ आली तर कळलं, की डच टीव्हीवर आधीच दाखवला गेल्यामुळे तो अपात्र. नशीब फुटकं म्हणतात ते हेच. पण या हकिगतींमधून तो मोठा होता हे सिद्ध होत नाही. त्याच्यावर अन्याय झाला एवढंच होतं. अन्याय झालेला प्रत्येक दिग्दर्शक चांगला असता तर आपल्याकडे किती प्रतिभावंत झाले असते! शिवाय हुतात्मा केलं की कामाकडे बघावं लागत नाही, फोटोला हार घातला की झालं.

आणि चौथा मुद्दा, एकाच वाटेने चालण्याचा? इथे मला स्टॅनली कुब्रिक आठवतो. आण्विक युद्धाचा विनोद, अंतराळ, अठराव्या शतकातलं दिव्यांच्या उजेडातलं युरोप, भुताळी हॉटेल. दर वेळी वेगळं गाव. त्याला कुणी चिंध्या म्हणालं? नाही म्हणालं, कारण शेवटची कात्री त्याच्या हातात होती, जाहिरातीपर्यंत सगळ्यावर त्याचा ताबा होता, आणि दोन सिनेमांमधल्या पाच वर्षांना आपण 'साधना' म्हणतो. हॉजेसच्या दोन सिनेमांमधल्या वर्षांना 'काम नव्हतं' म्हणतो. त्या वर्षांत तो टीव्हीत होता: १९८४ साली पोलंडमधल्या सॉलिडॅरिटी या कामगार चळवळीवरचं नाटककार टॉम स्टॉपर्डचं 'स्क्वेअरिंग द सर्कल', १९९४ साली पत्नीला विष घालणाऱ्या वेल्सच्या सीमेवरच्या वकिलाची सत्यकथा 'डँडेलियन डेड'. वैविध्य एकाच्या बाबतीत झेप ठरतं आणि दुसऱ्याच्या बाबतीत भटकंती. फरक वैविध्यात नाही, मालकीत आहे. तेव्हा नऊचे अठरा झाले असते हे कदाचित खरं, पण त्या अठरांतले निदान दहा 'गेट कार्टर'ची झेरॉक्स झाले असते, आणि मला त्यांच्या बदल्यात 'टर्मिनल मॅन' आणि 'गरम गारा' द्यायचे नाहीत.

एक कबुली द्यायला हवी. शिक्का शोधायचा मोह मलाही होतो, आणि शोधला तर सापडतोही. कंटाळून बटणं दाबणारा मिंग, काचेमागून रुग्णाकडे बघणारे डॉक्टर, टेबलावर हरणाऱ्यांकडे निर्विकार बघणारा 'क्रूपिए'मधला, कॅसिनोत काम करणारा जॅक मॅनफ्रेड, पत्त्यांच्या डावात पाहुण्याला लुबाडणारा 'गेट कार्टर'मधला धनदांडगा किनिअर, ज्याचं काम नाटककार जॉन ऑसबर्नने केलंय. वर बसून बघणारे आणि खाली खेळवले जाणारे. अकाउंटंटची नजर म्हणा, नौदलातली म्हणा, टेलिप्रॉम्प्टरमागची म्हणा. पण गंमत अशी की हेच सूत्र 'मोरॉन्स'मध्येही ताणूनतुणून दाखवता येईल, परग्रहावरून येऊन पृथ्वीवर डोक्यावर घेतले जाणारे मठ्ठ. मग तो सिनेमा चांगला होतो का? जे सूत्र चांगल्यालाही बसतं आणि वाईटालाही, ते ओळखीला ठीक, प्रतवारीला निरुपयोगी.

आपल्याला हा वाद परका वाटू नये. गाण्यात घराण्याचा अभिमान बाळगणारे कान एखाद्याने दुसऱ्या घराण्याची जागा घेतली की लगेच टवकारायचे, आणि त्याच पिढीने भीमसेनजींचा ख्याल, अभंग आणि नाट्यपद तिन्ही डोक्यावर घेतली. पु. ल. देशपांड्यांना तर आपण कौतुकानेच अष्टपैलू म्हणत आलो. १९५३ चा 'गुळाचा गणपती' म्हणजे कथा, दिग्दर्शन, संगीत, भूमिका, सबकुछ पु. ल. मग आकाशवाणी, मग दिल्लीत दूरदर्शनच्या अगदी सुरुवातीच्या दिवसांत नोकरी, मधे लंडनला बीबीसीत प्रशिक्षण, ज्या प्रवासातून 'अपूर्वाई' आली. पु. लं.चा शिक्का कुठाय, असं विचारायची कुणाची हिंमत आहे? ते आपले, म्हणून हरहुन्नरी. हॉजेस लांबचा, म्हणून येईल ते काम घेणारा.

हॉजेस डिसेंबर २०२२ मध्ये गेला, नव्वदीचा होऊन, डॉर्सेटमधल्या आपल्या घरी. सत्तरीनंतरही थांबला नव्हता. नाटक लिहून झालं होतं, कादंबरी लिहिली, छोट्या कादंबऱ्या लिहिल्या. त्याही एकसारख्या असतील असं मला वाटत नाही.

पुढच्या महिन्याच्या बैठकीसाठी मी 'टर्मिनल मॅन' आणि 'फ्लॅश गॉर्डन' लागोपाठ लावायचं सुचवलंय, मध्ये चहाही न घेता. ज्येष्ठांना 'क्रूपिए' हवाय. तरुण मेंबराने ग्रुपवर एवढंच टाकलंय, की अंगठीवाला प्रवासी त्याने थांबवून थांबवून शोधला, आणि तो सापडला.